अंबूबाईंचे उपास

पुस्तक लिहून झालं होतं. घोडं अडलं होतं ते मनोगतावर.

रूपाली वाघमारेनं शाळेची नोकरी, पेपर तपासणी आणि घरचा स्वयंपाक सांभाळून तीन वर्षं ही कादंबरी लिहिली होती. महायुद्धात हॉलंडमधल्या शेतघरांत लपवून ठेवलेल्या ज्यू मुलांची. पुस्तक संपल्यावर आनंद होतो म्हणतात. हिला फक्त झोप येत होती. त्यात प्रकाशनातल्या अतुलचा पुण्याहून दर दोन दिवसांनी फोन.

"मॅडम, सगळं छान झालंय. पण कोल्हापुरातल्या एका बाईंनी ज्यू मुलांवर का लिहावं, हे वाचक विचारणारच. दोनच पानं द्या."

दोनच पानं! जणू हा चुलीवर दूध ठेवायला सांगत होता. रूपालीनं 'अवघ्या मानवतेचं दुःख एकच' असं एक वाक्य लिहिलं आणि स्वतःचीच लाज वाटून खोडलं. असलं वाक्य कुठल्याही स्मरणिकेला चालतं. खरं उत्तर तिला पाठ होतं, पण ते तिच्या एकटीच्या मालकीचं नव्हतं. ते तिच्या आईचं होतं आणि आई अजून लपलेलीच होती.

रूपालीचे वडील सयाजी कांबळे शाहूवाडीकडचे. पाटबंधारे खात्यात कारकून म्हणून लागले आणि बदलीवर कोल्हापुरात आले, तेव्हा रूपाली सात वर्षांची होती. खोली बघायला जावं, घरमालकानं "पावणं, कुणाच्यातलं?" विचारावं, सयाजींनी खरं सांगावं आणि खोली नेमकी कालच दुसऱ्याला दिलेली असावी, असं किती घरी झालं. शेवटी पेठेतल्या एका गल्लीत अंबूबाई साळोखेंच्या दारात सयाजी थकून म्हणाले, "शिंदे. मराठा." अंबूबाईंनी किल्ली काढून दिली.

त्या दिवसापासून रूपालीला दोन आडनावं झाली. शाळेत कांबळे, गल्लीत शिंदे. शाळा मुद्दाम शहराच्या दुसऱ्या टोकाची, म्हणजे गल्लीतलं एकही पोर त्या शाळेत नसावं. रेशनकार्ड, मतदान सगळं गावाकडं. सयाजींची पत्रं ऑफिसात. बाबासाहेबांचा आणि बुद्धांचा फोटो कपाटाच्या दाराला आतून चिकटवलेला, आणि बाहेर भिंतीवर जोतिबा देवाची तसबीर. मीनाबाई, म्हणजे रूपालीची आई, सकाळी आंघोळ करून कपाट उघडायची, हात जोडायची आणि कुणाची चाहूल लागली की साडी शोधत असल्यासारखं करायची. चौदा एप्रिलला सगळं शहर निळं व्हायचं तेव्हा हे तिघं खोलीत बसून लांबचे ढोल ऐकायचे.

दोन-चार वर्षांत दुसरीकडं जाऊ, असं सयाजी म्हणायचे. गेले नाहीत. माणूस खोटं सांगून एखाद्या जागी राहिला की त्याला ती जागा सोडायचीही भीती वाटते, कारण नवीन जागी सगळं पहिल्यापासून सांगावं लागतं. शिवाय अंबूबाईंनी जीव लावला होता, हेही खरं. रूपालीची वेणी अंबूबाई घालायच्या, तिला आपल्या ताटाशेजारी जेवायला बसवायच्या, पेरूच्या फोडी धैर्यशीलच्या आधी, म्हणजे स्वतःच्या लेकाच्या आधी, तिच्या हातावर ठेवायच्या. आणि बाई देवभोळी तरी किती! सोमवार, गुरुवार, शनिवार, चतुर्थी, एकादशी. मीनाबाईंनी कधी चहा पुढं केला तर एक तर उपास असायचा, नाही तर "आत्ताच पिऊन आलो बाई." मीनाबाई कौतुकानं म्हणायच्या, "एवढा देव-देव माझ्यानं झाला नसता."

रूपालीनं वाघमारेंच्या मुलाशी लग्न केलं, आपल्याच समाजातल्या, दोन्हीकडच्या राजीखुशीनं. गल्लीला मात्र वेगळंच कळलं. शिंद्यांच्या पोरीनं बाहेर जाऊन केलं म्हणून बायका मीनाबाईंचं सांत्वन करायला आल्या. "वैनी, आजकालची पोरं. मनाला लावून घेऊ नगासा." मीनाबाई त्यांच्या मध्ये बसून रडल्या. रडणं खरं होतं, फक्त कशासाठी ते वेगळं होतं. ही गोष्ट आठवली की रूपालीला हसू यायचं, पण ते टिकायचं नाही.

सयाजी गेले ते गावी, भावाच्या घरी. त्रिशरण, पंचशील सगळं तिथं रीतसर झालं. अंबूबाईही गेल्या. मीनाबाई राहिल्या, पंचाहत्तरी उलटल्यावरही शिंदेकाकूच राहिल्या. "माझ्याकडं चल," असं रूपाली सांगून थकली. "आता इतकी वर्षं इथं काढली, तिथं तुझ्या कॉलनीत कोण वळखतंय मला?" म्हणायच्या. इथं तरी कोण ओळखतंय, हे रूपालीच्या जिभेवर यायचं आणि ती गिळून टाकायची.

कादंबरीसाठी ती मिर्याम नावाच्या एका म्हाताऱ्या बाईंशी व्हिडिओ कॉलवर बोलायची. मिर्याम लहानपणी हॉलंडमधल्या एका शेतकरणीच्या घरी तीन वर्षं लपली होती, मारिया या नावानं. नात बाजूला बसून बोलणं इंग्रजीत सांगायची. युद्ध संपल्यावर खरी आई न्यायला आली तेव्हा आपण शेतकरणीच्या पदराआड लपलो, असं मिर्यामनं सांगितलं. पदर हा रूपालीचा शब्द. मिर्यामनं एप्रन म्हटलं होतं. "अजून कुणी नाव विचारलं की मी क्षणभर थांबते," ती म्हणाली होती. "कोणतं सांगायचं ते आधी बघते."

आणखीही एक गोष्ट तिनं सांगितली होती. ती शेतकरीण रोज झोपताना मिर्यामला शेजारी गुडघ्यांवर बसवायची आणि मोठ्यानं प्रार्थना करायची: हिच्या लोकांनी देवाच्या पुत्राला क्रुसावर दिल्याचं पाप या पोरीला लागू देऊ नकोस. पोरीसाठी जीव धोक्यात घालणारी बाई, आणि रोज रात्री तिला तिचं पाप ऐकवणारी. रूपालीनं हे पुस्तकात घेतलं नाही. वाचकाचा गोंधळ होईल, असं तिनं स्वतःला सांगितलं. खरं तर तिचाच होत होता.

मनोगताचं काय करायचं ते ठरत नसतानाच आईच्या डोळ्याचं निघालं. दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू, उजवा तर पूर्ण पिकलेला. तीन वर्षं मीनाबाई "बघू पुढच्या महिन्यात" करत होत्या. म्हाताऱ्या माणसाला ऑपरेशनची भीती असते, असं रूपाली समजत होती. आता मात्र त्या उंबऱ्याला अडखळून पडल्या, कपाळाला खोक पडली, आणि धैर्यशील साळोखेनंच फोन केला.

"रूपा, काकूंचं आता मनावर घे. मी गाडी काढतो. दवाखान्यात सगळीकडं मी हाय, तू काळजी करू नगंस."

रूपालीनं आईकडं येऊन हे सांगितलं तर मीनाबाईंचा चेहरा पडला. "त्याला नगं. आपण रिक्षानं जाऊ."

"का? दादा एवढं म्हणतोय तर—"

"तिथं नाव पुकारत्यात," मीनाबाई हळूच म्हणाल्या. "आधारवर काय हाय?"

रूपाली खाली बसली. आधारवर कांबळे होतं. तीन वर्षं आई आंधळी होत चालली होती ती डॉक्टरला भिऊन नव्हे, नर्सच्या आवाजाला भिऊन. धैर्यशील कधीही मदतीला येणार, तो गल्लीतल्या सगळ्यांनाच दवाखान्यात नेतो, म्हणून. तिला आईचा इतका राग आला आणि इतकी दया आली की दोन्हीतलं एकही धड बाहेर पडेना.

"आई, डोळा जाईल गं."

"जाऊ दे की. राहिलंय काय बघायचं?" मग पदर सारखा करत, "मी मेलो तर हितं मरू देऊ नगंस. ही लोकं प्रेमानं दहावा घालतील, कावळ्याला पिंड ठेवतील. मला आपलं पायजे. पण मेल्यावर गल्लीला कळलं तर माघारी काय म्हणतील? ह्याचाच घोर लागलाय मला."

त्या दिवशी रूपाली मनोगताचं काही बोलली नाही. कुठल्या तोंडानं बोलणार? लिहिलं तर आईला उघडं पाडणार, नाही लिहिलं तर तीन वर्षांच्या पुस्तकाच्या पहिल्याच पानावर खोटं बोलणार.

रिक्षाचा बेत काही टिकला नाही. ऑपरेशनच्या सकाळी दोघी दार ओढून बाहेर आल्या तर धैर्यशील गाडी पुसत उभा. साठी ओलांडलेला, पोट सुटलेला, तोंडानं फटकळ आणि मनानं मऊ गडी. "रिक्षा? काकू, मी काय मेलोय व्हय?" म्हणून त्यानं मीनाबाईंना हाताला धरून पुढच्या सीटवर बसवलंसुद्धा. मीनाबाईंनी मागं वळून रूपालीकडं बघितलं. पिकलेल्या डोळ्यात काही दिसत नाही म्हणतात, पण भीती दिसते.

दवाखान्यात गर्दी होती. बाकावर मध्ये मीनाबाई, एका बाजूला रूपाली, दुसऱ्या बाजूला पेपर वाचणारा धैर्यशील. दर थोड्या वेळानं नर्स दारातून डोकं काढून नाव पुकारायची. प्रत्येक नावाला मीनाबाईंचा हात रूपालीच्या मनगटावर घट्ट व्हायचा. रूपालीनं काउंटरवर जाऊन सांगितलंही होतं, नुसतं मीनाबाई म्हणा. काउंटरवरच्या मुलीनं मान डोलावली होती. अशा मान डोलावण्याला काही अर्थ नसतो.

"मीनाबाई सयाजी कांबळे!"

मीनाबाई उठल्या नाहीत. समोर बघत बसून राहिल्या, जणू ते नाव दुसऱ्या कुणाचं आहे. नर्सनं पुन्हा पुकारलं, आणखी मोठ्यानं. रूपालीला उठायचं होतं, पण आईनं मनगट सोडलं नाही.

धैर्यशीलनं पेपरचं पान उलटलं. "काकू," तो म्हणाला, "तुमचंच नाव घेत्यात. उठा की."

इतक्या साध्या आवाजात म्हणाला की पहिल्यांदा दोघींना कळलंच नाही. मग कळलं. मीनाबाई उठल्या, आणि दारापर्यंत गेल्या त्या कुणाचा हात न धरता.

आत ऑपरेशन चाललं होतं. बाहेर रूपालीनं विचारलं, "दादा, कधीपासून?"

"पहिल्यापास्नं." धैर्यशीलनं पेपरची घडी घातली. "तूच सांगितलंस की. तुमी येऊन आठ दिवसबी झालं नव्हतं. आई दारात बसलेली, तुला म्हणाली, रामराम म्हण पोरी. तू छाती काढून म्हणालीस, जय भीम!" तो हसला. "आईनं तुझं तोंडच दाबलं. आत नेलं, हातावर गूळ-शेंगदाणं ठेवलं आणि बजावलं, हितं असं म्हणायचं न्हाय, रामराम म्हणायचं. मी तितंच हुतो. मला म्हणाली, गल्लीत कळलं तर ह्यांना एक रात्र ऱ्हाऊ देणार न्हाईत. तोंड उघडलंस तर जीभ हासडून हातात देईन. मरेस्तवर बोलली न्हाय बघ कुणाला."

रूपालीला गूळ-शेंगदाणे आठवत होते. बाकीचं काहीच आठवत नव्हतं. तिला रडू आलं, दवाखान्याच्या बाकावर, परक्या माणसांत. एवढी वर्षं हे तिघं अंबूबाईंपासून लपत होते आणि अंबूबाई त्यांना लपवत होत्या! आता मनोगत लिहिता येणार होतं. पहिल्या ओळीपासून शेवटच्या ओळीपर्यंत तिच्या डोक्यात ते तयारसुद्धा झालं. कोल्हापूरच्या पेठेतली एक अडाणी बाई आणि हॉलंडची ती शेतकरीण.

संध्याकाळी घरी आणल्यावर आईला जेवण भरवून तिनं हे सगळं सांगितलं. उजव्या डोळ्यावर पट्टी, डावा मिटलेला. आईचा चेहरा उजळेल, अशी रूपालीची खात्री होती. मीनाबाई ऐकत राहिल्या.

"म्हंजे तिला ठावं हुतं," मग म्हणाल्या.

"हो आई. पहिल्या आठवड्यापासून. आणि तरी ठेवलं आपल्याला."

"म्हणून उपास करायची ती."

रूपालीला एकदम समजलं नाही. समजलं तेव्हा तिच्या हातातलं ताट तसंच राहिलं.

"तुज्या बाळंतपणातल्या डिंकाच्या लाडवाचा डबा दिल्ता तिला," मीनाबाई शांतपणे सांगू लागल्या. "गुरुवार हाय म्हणाली, मागनं खातो. पुढच्या आठवड्यात मोलकरणीच्या पोराच्या हातात माझा डबा बघितला. मला वाटलं, दानशूर बाई. दहा पावलांवर तिचं दार. कवा पाणी मागितलं न्हाय माझ्याकडं. एवढ्या वर्षांत घोटभर न्हाय." त्यांनी पांघरूण छातीपर्यंत ओढलं. "आपण खोटं बोलतोय म्हणून मला रोज तिच्याम्होरं लाज वाटायची. आणि तीबी खोटंच बोलत हुती की गं."

"पण आई, तिनं राखलं आपल्याला."

"राखलं. न्हाय कोण म्हणतंय? तिच्याशिवाय तुजी शाळा झाली नसती. मी तिला न्हाऊ घातलंय शेवटी, आठवतंय? माझ्या हातानं न्हाऊन घेतलं तिनं. पाणी अंगावर चाललं." एवढं बोलून त्यांनी भिंतीकडं तोंड केलं. "दमलो बघ आता. झोपू दे."

रूपालीच्या डोक्यातलं तयार मनोगत तिथंच विरघळलं. तिला मिर्यामची शेतकरीण आठवली, गुडघ्यांवर बसलेली, प्रार्थना म्हणणारी. जी आपण पुस्तकात घेतलीच नाही ती.

दुसऱ्या दिवशी पट्टी काढायची होती. धैर्यशीलनं भल्या सकाळी गाडी काढली. डॉक्टर उशिरा आले, पट्टी निघता निघता अकरा वाजून गेले. येताना तो कुरकुरत होता, "ह्या डॉक्टरच्या नादात सकाळपास्नं चहाचा थेंब न्हाय पोटात. डोकं नुसतं ठणकाय लागलंय." मीनाबाई काळा चष्मा लावून खिडकीतून दुकानांच्या पाट्या वाचत होत्या. एकेक पाटी, मोठ्यानं, पहिलीतल्या पोरीसारखी.

घरी आल्यावर त्यांनी चष्मा काढला. खोलीभर नजर फिरवली. सकाळच्या घाईत कपाटाचं दार सताड उघडं राहिलं होतं आणि आतला फोटो समोरच दिसत होता. रूपाली सवयीनं दार लावायला पुढं झाली.

"असू दे," मीनाबाई म्हणाल्या.

धैर्यशील औषधाची पिशवी घेऊन आत आला. त्यानं फोटो बघितला, बघून न बघितल्यासारखं केलं, पिशवी टेबलावर ठेवली.

"बस धैर्या," मीनाबाई म्हणाल्या. "चहा ठेवतो."

"नगं काकू, आत्ताच घेऊन आलोय."

तोंडातून निघून गेलं. विचार करून म्हटलेलं नव्हतंच ते. लहानपणापासून आईच्या तोंडून ऐकलेलं, अंगवळणी पडलेलं. मग त्याला स्वतःचं बोलणं ऐकू आलं आणि गोरापान गडी कानापर्यंत लाल झाला. गाडीतलं बोलणं तिघांनाही आठवत होतं.

मीनाबाई त्याच्याकडं बघत राहिल्या. नव्या डोळ्यानं पहिल्यांदाच त्याला नीट बघत होत्या. नाक अगदी अंबूबाईंचं. त्या चिडल्या नाहीत. चिडायला अंगात काही उरलं असतं तर चिडल्या असत्या.

"तुजी आईबी असंच म्हणायची बाळा," त्या म्हणाल्या.

धैर्यशीलनं गाडीची किल्ली या हातातून त्या हातात घेतली आणि दाराकडं वळला.

मीनाबाई रूपालीला म्हणाल्या, "तुज्या पुस्तकाचं ते काय पान अडलंय म्हणत हुतीस परवा नवऱ्याला फोनवर, त्येला माझं नाव घाल. कांबळे म्हणूनच घाल. गल्लीचं मी बघतो. आणि अंबूबाईचं लिही. पोरीच्या तोंडावर हात ठेवून तिनं आपल्याला राखलं त्ये लिही. पाणी प्याली न्हाय त्येबी लिही. एक लिहून एक गाळू नगंस."

"बरं आई."

"आन् दूध जरा जास्तच ठेव."

रूपालीनं पातेलं गॅसवर ठेवलं. मागं वळून बघितलं तर धैर्यशील अजून उंबऱ्यातच होता. एका पायात चप्पल घातलेली, दुसरा पाय अनवाणी. दुसरी चप्पल घालायची का पहिली काढायची, हे साठी उलटलेल्या त्या माणसाचं काही केल्या ठरत नव्हतं. आत दूध तापत होतं आणि मीनाबाई त्याच्याकडं न बघता तीन कप पुसत होत्या.